आई म्हणाली, पट्टी वाढव

मागच्या हिवाळ्यात आमच्या स्वयंपाकघरातली वरची कपाटं उघडेनाशी झाली, कारण मी आईचं ऐकलं होतं.

माझ्या आईच्या तोंडी अभद्र शब्द येत नाही. मंगळसूत्र तुटत नाही, वाढतं. नारळ फुटत नाही, वाढतो. हे घरोघरी असतं. आईने ते पार टोकाला नेलंय. आमच्याकडे मीठ वाढतं, गॅसची टाकी वाढते, कपाचा कानसुद्धा वाढतो. (लग्न नवीन असताना माझी बायको सुनीता "तूप वाढलं गं" ऐकून "कुणाला?" म्हणाली होती.) बाबा गेले तेव्हा मात्र आईला कुठलाच शब्द सापडला नाही.

बाबा एकलहऱ्याच्या वीज केंद्रातून रिटायर झालेले. कपाटांच्या वरची फट त्यांच्या डोळ्यांत खुपायची, म्हणून त्यांनी वरच्या कडेला नक्षीची लाकडी पट्टी बसवायला घेतली. सिंककडची बाजू झाली. गॅसकडची राहिली, ती राहिलीच. ते गेल्यानंतर आई स्वयंपाकघरात मान खाली घालून वावरायची. पूर्वी पोळ्या लाटताना गुणगुणायची, तेही थांबलं.

वर्षश्राद्ध झालं आणि एका सकाळी ती म्हणाली, "अरे, ती ह्यांची पट्टी आता वाढव बाबा. मला बघवत नाही."

सुनीता ओढणीने डोळे पुसत म्हणाली, "आईंना बाबांचं अपुरं काम पुरं झालेलं बघायचंय हो."

अंबडच्या कारखान्यात मी तपासणी विभागात आहे, म्हणजे दुसऱ्यांच्या मापातल्या चुका काढतो. रविवारी पट्टी आणली, कोपऱ्यासाठी तिरका काप दिला, तो उलट्या बाजूने. दुसरी कापली, तीही उलटी, कारण ती मी पहिलीवर ठेवूनच आखली होती! शेवटी कोपऱ्यातल्या फटीत पुट्टी भरली आणि आईला हाताला धरून आणलं.

तिने वर पाहिलं आणि तिचा चेहरा उतरला. "अरे, वाढव म्हटलं होतं ना मी."

"वाढवली की."

"कुठे वाढवली? आहे तशी आहे."

आम्हाला वाटलं, कमी पडली. पुढच्या रविवारी मी फ्रिजवरून खिडकीभोवती पट्टी फिरवली. स्वयंपाकघर लग्नाच्या मांडवासारखं दिसायला लागलं.

"अजून आहेच ना रे ती," आई रडवेली होऊन म्हणाली.

"आई, तुम्हाला किती हवीय ते एकदाच सांगा," सुनीता म्हणाली.

"मला नकोच आहे गं," आई म्हणाली. आम्ही एकमेकांकडे पाहिलं. रुसल्या असतील, असा निष्कर्ष सुनीताने काढला आणि मी तो मान्य केला. मग बाबांच्या पट्टीखाली आणखी एक जाडजूड पट्टी ठोकली. ती नेमकी कपाटांच्या दारांवर आली. चहा, साखर, डाळी, सगळं आत कोंडलं गेलं. शेजारच्या काकूंकडून चहापत्ती उसनी आणायची वेळ आली.

आई ओट्याशी खालीच बसली. "कसला सूड उगवतोयस माझ्यावर? वर बघितलं की ती पट्टी दिसते, आणि स्टुलावर उभे असलेले हे दिसतात. म्हणून म्हटलं, वाढव. तर तू घरभर लावत सुटलास."

"वाढव म्हणजे... काढ?"

"मग काय म्हणू? ह्यांच्या हातची शेवटची वस्तू ती. काढून टाक, असं कुठल्या तोंडाने म्हणू?"

मला रडूच आलं. सुनीता माझ्याकडे न बघता भिंतीकडे बघायला लागली. मी पक्कड घेऊन स्टुलावर चढलो. माझ्या पट्टीला हात लावायच्या आतच ती सुटली आणि खांद्याला लागून खाली आली. तिच्यामागोमाग फ्रिजवरची आली. बाबांची पट्टी मात्र हलेना. जोर लावला तर अख्खं कपाट करकरलं.

"थांब," आई म्हणाली. ती उठून उभी राहिली होती आणि वर बघत होती. "ह्यांचं काम बघ," ती म्हणाली, "आणि तुझं बघ." मग तोंडाला पदर लावून हसायला लागली. हसता हसता रडली, आणि रडतानाच पुन्हा हसली. "राहू दे ती. ह्यांना नाही जायचं तर राहू दे."

पट्टी राहिली. आई आता मान वर करून स्वयंपाक करते. मधेच डोळे पुसते, पण करते.

बाबा गेल्यापासून तिला हसवायचे आम्ही काय काय उपाय करून पाहिले होते. शेवटी उपयोगी पडलं ते माझं सुतारकाम, तेही खाली पडलं तेव्हा.