घुमाळ्यातली हजेरी

वडूजच्या भागात शाळू काढणीला आला की आभाळात घुमाळं लागतं. दिवेलागणीला डोंगराच्या अंगानं उजेड वर चढतो आणि त्या उजेडाला आवाज असतो, रिकाम्या घागरीत तोंड घालून कुणी हुंकार द्यावा तसा. अर्धा-पाऊण तास तो घुमतो आणि विझतो. तेवढ्यात खाली कुणी आपल्या नावाच्या हाकेला मोठ्यानं ओ दिली, की वर त्याच्या आवाजाचा रंग फुटतो. ज्याचा त्याचा रंग वेगळा, आणि जन्मभर तोच. अंजनाबाईंचा रंग हळदीचा. शेजारच्या गुंडाचा कोथिंबिरीचा, त्यामुळं तो साठी ओलांडली तरी चेष्टेचा धनी.

त्या संध्याकाळी घरोघर अंगणात हजेरी होते. घरातलं सगळ्यात धाकटं माणूस थोरल्यापासून एकेक नाव पुकारतं. आजाला नुसतं नावानं हाक मारायची वर्षातली ही एकच वेळ, पोरं ती सोडत नाहीत. ज्याचं नाव आलं त्यानं "हाय" म्हणायचं. म्हणजे आहे, धड आहे, या घरचा आहे. माणूस लांब असेल तर त्याची हाय घरातल्या कुणीतरी द्यायची. तीनदा पुकारूनही ओ आली नाही, तर ती जागा रिकामी ठेवून पुढं जायचं.

अंजनाबाईंचे यजमान नाथाजी फौजेत होते. त्यांची हाय अंजनाबाईंनी बावीस वर्षं दिली. स्वतःची एक, त्यांची एक, म्हणून घरावर दोनदा हळदच फुटायची. "नाथाजीच्या घरावर यंदाबी हळदच हाय," असं गुंडा ओरडायचा आणि अख्खी आळी हसायची. अंजनाबाईही हसायच्या. पण पत्र पोचायला पंधरा दिवस लागत. आपण आहे म्हणतोय तो माणूस तिकडं खरंच आहे का, हे कुणाला विचारायचं?

नाथाजी सुभेदार होऊन घरी आले, त्या वर्षी घरावर बावीस वर्षांनी त्यांचा भाजल्या विटेचा रंग उमटला. जाड, खालच्या पट्टीतला. अंजनाबाई आत चुलीपाशी जाऊन रडल्या आणि धूर लागला म्हणाल्या. चूल पेटलेलीच नव्हती.

दीड वर्षामागं नाथाजींना अर्धांगाचा झटका आला. चालणं काठीवर आलं, पण बोलणं गेलं ते गेलंच. मागल्या हजेरीला नातीनं, पल्लवीनं, त्यांचं नाव पुकारलं. त्यांचे ओठ नुसते हलायला लागले होते, तोच अंजनाबाईंच्या तोंडून जुन्या सवयीनं "हाय" निसटलं. पहिल्याच हाकेला! वर हळद फुटली. समोर बसलेल्या माणसाची हजेरी दुसऱ्यानं लावायची, म्हणजे तो असून नसल्यासारखा. नाथाजींनी बायकोकडं एकदा बघितलं आणि जेवताना ताट सरकवलं. बावीस वर्षं हाय देणाऱ्या बाईनं त्या दिवशी हाय खाल्ली.

मग वर्षभर रोज सकाळी चहाबरोबर तालीम. "म्हणा, हाय." नाथाजी जोर लावायचे. "हा" यायचा, "य" काही यायचा नाही. कधी ते चिडून बशी आपटायचे. अंजनाबाई बशी पुसायच्या आणि म्हणायच्या, "र्‍हाऊ द्या. उद्या म्हना." यंदा मात्र त्यांनी मनाशी पक्कं केलं होतं. जागा रिकामी राहिली तरी चालेल, आपलं तोंड उघडायचं नाही.

यंदा पल्लवी साताऱ्याहून दुपारच्या एसटीनं आली. मुलगा-सून सांगलीला वेगळं घर करून राहिलेत, म्हणून त्यांची नावं इथं पुकारत नाहीत. नाथाजी अंगणात खुर्चीवर बसले. घुमाळं चढलं. पल्लवीनं खाकरून हाक दिली, "नाथाजी!"

नाथाजींनी काठी घट्ट धरली. अंजनाबाईंनी पदराचा बोळा तोंडात कोंबला.

"नाथाजी!"

"हा..." नुसता श्वास. वर काहीच नाही.

"नाथाजी!" तिसरी हाक देताना पल्लवीनं डोळे वरच लावले. आभाळ आपलं घुमत राहिलं. कुंपणापलीकडं गुंडा उभा होता. त्यानं डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली.

रीत ती रीत. पल्लवीनं पुढचं नाव घेतलं. "अंजना!"

अंजनाबाईंनी पदर काढला, पण घशातून आवाज फुटेना. डोळ्यांना धार लागली होती.

"अंजना! आज्जी, बोल की गं!"

त्यांनी नुसता हात हलवला. दुसरी जागाही रिकामी जाणार, घराची हजेरीच बुडणार, हे त्यांना कळत होतं, पण इलाज नव्हता.

"अंजना!"

"हा... य."

वर विटेचा रंग फुटला. कडेनं थोडा तुटका, पण तोच, जाड आणि खालच्या पट्टीतला.

"आबा!" पल्लवी किंचाळली. तिकडून गुंडा ओरडला, "आरं, वयनीच्या नावाला वीट कशी फुटली?"

अंजनाबाईंनी वळून बघितलं. नाथाजी घामानं भिजले होते. बायको जणू कुठं लांब मुलखात गेलीय आणि घर ते राखून आहेत, अशा नजरेनं ते तिच्याकडं बघत होते. स्वतःच्या नावाला जो शब्द वर्षभर निघाला नाही, तो तिच्या नावाला निघाला होता.

"पल्ले, आबांचं नाव परत घे," अंजनाबाई डोळे पुसत म्हणाल्या.

"आज्जी, तीनदा झालं की."

"घे म्हंते न्हवं!"

पल्लवीनं हाक दिली. अंजनाबाई खुर्चीपाशी वाकल्या. मागल्या वर्षी विचारलं नव्हतं, ते आत्ता विचारलं, "आवं, देऊ?"

नाथाजींनी मान हलवली. मग अंजनाबाईंनी नवऱ्याची हाय दिली, आणि विटेच्या शेजारी हळद फुटली.