पेटीवाल्याची जुनी चाल

नारायणगावला फडांच्या राहुट्यांत आमच्या गावच्या यात्रेसाठी तमाशा ठरवायला पंच मलाच पुढं करायचे, कारण गावातला पहिला बी.ए. मी. तिथं एका फडाचे संगीतकार दरसाल भेटायचे. फडाच्या वगांना चाली त्यांच्याच. एका मराठी सिनेमालाही त्यांनी संगीत दिलं होतं. त्याबद्दल विचारलं की उपरण्यानं पेटी पुसत म्हणायचे, "लई दिस झालं त्याला, पावणं." बोलताना त्यांची बोटं पेटीच्या झाकणावर चालतच असायची.

त्या वर्षी मी चाचरत सांगितलं, "पोरांना वग नकोय. नुसती सिनेमाची गाणी पाहिजेत."

"मग आमी काय करायचं? पेटी उशाला घेऊन झोपायचं?" ते हसले, पण बोटं थांबली.

यात्रेला त्यांचाच फड आणला. रात्रीच्या तमाशानंतर दुसऱ्या दिवशी सकाळी रिवाजाप्रमाणे हजेरीचा खेळ झाला. पोरं एकच गाणं पुन्हा पुन्हा मागत होती. नव्या ठेक्यात नुकतंच कॅसेटवर आलेलं ते गाणं मुळात त्यांच्याच सिनेमातलं होतं, आणि चाल त्याहून आधीची, त्यांच्या वगातली. मला राहवेना. स्टेजजवळ जाऊन म्हटलं, "माइकवर सांगतो, चाल तुमची आहे. पुढच्या साली वगच मागतील."

"नगं, भाऊ," घाम पुसत ते म्हणाले. "आत्ता नवी समजून नाचत्यात. माझी म्हणून सांगितली, तर जुनी व्हईल."

आणि गाणाऱ्या बाईच्या दमलेल्या गळ्याला सोसेल इतकी पट्टी उतरवून त्यांनी तीच चाल परत धरली.