गंगाआत्याचा उर्दू कागद

गंगाआत्या गेल्याची बातमी पिशोरच्या गाडीच्या कंडक्टरने आणली. कोर्टाच्या तारखेला ती त्याच गाडीने यायची, म्हणून तो तिला ओळखत होता. उस्मानपुऱ्यात माझ्या दारात उभा राहून म्हणाला, "वकीलसाब, तुमची आत्या काल सांजच्याला गेली." मी त्याला बसा म्हटलं नाही, पाणी विचारलं नाही. मला आधी आठवली ती तिची पुढची तारीख. तीन आठवड्यांवर होती. माणूस गेल्याचं कळल्यावर आपण दिवस मोजले, याचा मला अजून राग येतो.

आत्या माझ्या वडिलांची चुलतबहीण. नवरा तरुणपणीच गेला, तेव्हा सासऱ्याने वाटणीचा कागद करून ओढ्याकडचं शेत तिला आणि तिच्या मुलीला, सुभद्राला, दिलं. निजामाच्या अमलातला कागद, तेव्हा तो उर्दूत. पुढे पोलीस ॲक्शनच्या धामधुमीत ती पोर घेऊन माहेरी आली, आणि परत गेली तर शेतात दिराचं औत चालू. कागदच खोटा, असं तो म्हणाला. काही वर्षं त्याच्या विनवण्या करून झाल्यावर ती माझ्याकडे आली. मी नुकताच वकील झालो होतो; काळा कोट नवा होता आणि पक्षकार एकही नव्हता. तोवर ती लोकांच्या शेतात मजुरीला जाई, आणि जातायेता स्वतःचं शेत बांधावरून बघे.

तिला अक्षरओळख नव्हती. मूळ कागद कोर्टात गेल्यावर त्याची नक्कल ती मेणकापडात गुंडाळून ठेवायची. तारखेच्या सकाळी माझ्या खोलीत खुर्ची सोडून उंबऱ्याशी बसायची, नक्कल पुढे करायची आणि म्हणायची, "वाच एकडाव, इठ्ठल." मी उर्दू वाचत मराठीत सांगत जायचो... पूर्वेला ओढा, दक्षिणेला चुलत्याची विहीर, हे शेत गंगाबाईकडे... तिचं नाव आलं की ती "व्हय" म्हणायची, कुणी हजेरी घेत असल्यासारखी. मग पदर सारखा करून कोर्टाला निघायची. मला तेव्हा तो पोरखेळ वाटायचा.

पहिला निकाल आमच्या बाजूने लागला आणि तिने गावात गूळ वाटला. चूक त्याच्या आधीच झालेली होती. जज्जसाहेब, दिराचे वकील, मी, जज्जांपुढे फायली ठेवणारा पेशकार, आम्ही सगळे उर्दूत शिकलेले. कागद कोर्टात वाचला गेला, सगळ्यांना कळला. त्याचं मराठी भाषांतर फायलीला जोडायचं असतं हे कुणाच्या डोक्यातच आलं नाही. बाकीच्यांचं सोडा, ते काम माझं होतं. दिराने अपील केलं, आणि तिथले न्यायाधीश दुसऱ्या मुलखातून बदलून आलेले, उर्दू न येणारे. ज्या कागदावर सगळा दावा उभा, त्यात लिहिलंय काय, असं त्यांनी विचारलं. भाषांतर नाही, आणि कागद खरा की खोटा हा मुद्दाही वेगळा काढलेला नाही. दिराच्या वकिलांना तो कागद माझ्याइतकाच वाचता येत होता, पण तेही गंभीरपणे मान हलवत राहिले. निकाल रद्द झाला आणि दावा नव्याने चालवायला खालच्या कोर्टात परत आला.

बाहेर व्हरांड्यात आत्याने विचारलं, "म्हंजी म्या जिकले का हरले?"

"दोन्ही नाही, आत्या. पुन्हा चालवायचं."

"मंग इतकी वरसं आपुन काय केलं?"

मी कायद्याचं काहीबाही बोललो. चूक माझी आहे, एवढं मात्र बोललो नाही. त्या दिवशीही नाही आणि नंतरच्या चार वर्षांतही नाही. दरम्यान कागद लिहिणारा मुनशी वारला, साक्षीदारांना आठवेना, तारखा पुढे जात राहिल्या. भाषांतर मी आता जोडलं होतं, चांगलं जाड कागदावर. शेवटच्या भेटीत तिने नेहमीप्रमाणे नक्कल पुढे केली, तेव्हा मी घाईत होतो. म्हणालो, "आत्या, आता सगळं फायलीत आहे, वाचायची गरज नाही." तिने मेणकापड पुन्हा नीट गुंडाळलं. तिची ती बोटं काही केल्या डोळ्यांपुढून जात नाहीत.

परवा ती तारीख होती. आईच्या जागी वारस म्हणून नाव लावायला सुभद्रा पाचोडहून आली. तीही खुर्ची सोडून उंबऱ्याशी बसली. तिला मी सगळं सांगून टाकलं, भाषांतराचं, माझ्या गप्प बसण्याचं. ती शांतपणे म्हणाली, "मायला ठावं व्हतं, दादा. पेशकारानं सांगितलं व्हतं तिला. म्हणायची, इठ्ठलवर रागावले तर कागद कोन वाचून दावील?"

तिने पिशवीतून मेणकापड काढलं, तेव्हा मी नक्कल हातात घेऊन वाचायला लागलो. ओढा, विहीर, हे शेत गंगाबाईकडे... आणि सवयीने थांबलो.

"का थांबलात?" तिने विचारलं.

"तुझी आई इथं व्हय म्हणायची."

तिने डोक्यावरचा पदर नीट केला. "मंग परत वाचा, दादा. पयल्यापासून."

मी पुन्हा पूर्वेच्या ओढ्यापासून सुरुवात केली.