डोकं वर ठेवून पोहणारी

आमच्या सागरी कॅडेटांच्या युनिटकडे बोट नाही. अंधेरीतल्या एका शाळेचं मैदान आहे, रविवारी सकाळी सात ते दहा, आणि त्या मैदानाला आम्ही 'डेक' म्हणतो. गेटबाहेर वडापाव खायला जायचं असलं तरी पोरांनी सॅल्यूट ठोकून 'किनाऱ्यावर जायची परवानगी' मागायची. वल्हवायला शिकवताना वर्गातले बाक बाहेर काढायचे आणि पोरांच्या हातात बांबू द्यायचे. हसू नका. मी स्वतः कॅडेट असताना याच बाकांवर शिकले, आणि आता बँकेतली नोकरी सांभाळून बारा वर्षं तिथेच शिकवतेय.

वर्षातून एकदा मात्र खरं पाणी मिळतं. बंदरावर चार दिवसांचं शिबिर, खरी होडी, खरी वल्ही. त्या चार दिवसांसाठी पोरं वर्षभर बांबू हलवतात. अठरा पूर्ण झाली की कॅडेट बाहेर, आणि गेल्या वर्षी आमच्या एका मुलीचं ते शेवटचं शिबिर होतं. आधीची दोन हुकली होती, एकदा दहावीमुळे, एकदा आई आजारी म्हणून.

ती वेसाव्याच्या कोळ्याची पोर. बापाची मच्छीमार होडी. चालायला लागली तेव्हापासून खाडीत. आमच्या बाकांवर बसून बांबू मारताना तिला मनातून काय वाटत असेल ते देव जाणे, पण तोंडातून कधी चकार शब्द काढला नाही. पांढरा गणवेश असा कडक इस्त्रीचा की बाकीच्यांनी बघत राहावं. मला ती फार आवडायची, हे सांगून टाकते.

तर गेल्या वर्षी आमच्या प्रमुखांनी, म्हणजे सरांनी, नवा नियम काढला. शिबिराला यायचं तर पन्नास मीटर पोहता येतं असं स्विमिंग पूलचं सर्टिफिकेट आणायचं. मी म्हटलं, सर, ही तर कोळ्याची मुलगी, माशाला कुठे पोहायचा दाखला मागतात का? तर म्हणे नियम सगळ्यांना सारखा. डोंबलाचा सारखा! बाकीच्यांनी आठवड्याभरात जवळच्या एका क्लबातून सर्टिफिकेटं आणली. त्यांतल्या एकीला तर बादलीभर पाणी डोक्यावर ओतलं तरी किंचाळताना मी पाहिलंय. तिच्याही कागदावर पन्नास मीटर, गोल शिक्क्यासकट.

मग मीच आमच्या मुलीला घेऊन त्या क्लबात गेले. तिथल्या कोचने शिट्टी मारली, ही उतरली, सरळ जाऊन सरळ परत आली. धापसुद्धा लागली नाही. आणि तो बाबा म्हणतो, स्ट्रोक चुकीचा आहे, हिचं डोकं सारखं पाण्याबाहेर राहतं, चेहरा पाण्यात गेला पाहिजे. ती हळूच म्हणाली, खाडीत तोंड पाण्यात घातलं तर समोरची दोरी कशी दिसणार, जाळं कसं दिसणार? त्याने ऐकलंच नाही. कागदावर लिहिलं, 'पुन्हा प्रयत्न करावा.' माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

सरांकडे गेले, अर्धा तास तोंड वाजवलं. ते शांतपणे म्हणाले की यादीवर दोन शिक्षकांच्या सह्या लागतात, तुमची नसेल तर यादीच जाणार नाही, मग बावीसच्या बावीस पोरं घरी बसतील. मी सही केली. चरफडत केली, पण केली. रविवारी सरांनी रांगेसमोर नावं वाचली. तिचं नव्हतं. तिने सॅल्यूट केला आणि रांगेत तशीच उभी राहिली.

बंदरावरचा शिकवणारा पिकल्या मिशांचा जुना खलाशी होता. सर सर्टिफिकेटांची फाईल पुढे करत होते, त्याने त्या फाईलकडे ढुंकूनही पाहिलं नाही. सगळ्यांना लाइफ जॅकेट घालायला लावली आणि म्हणाला, पायऱ्यांवरून पाण्यात उतरा, त्या बांधलेल्या होडीला हात लावून परत या. चार जण परत आले. बाकीचे जागेवरच हातपाय झाडत बसले, एकेकाला त्याच्या माणसांनी बखोटीला धरून वर काढलं. त्या अठरा जणांना होडीत पाय ठेवू द्यायचा नाही, हे त्याने तिथल्या तिथे ठरवलं. मग चार दिवस काय? बंदरावर बाक मांडले, आणि आमची पोरं त्यांवर बसून गाठी मारत राहिली. वा रे आमचे कागदी घोडे!

दुपारी त्याने मला विचारलं, अख्ख्या अंधेरीत तुम्हाला पोहणारं पोर मिळालं नाही का? मी म्हटलं, आहे एक, तिला घरी ठेवलंय. कारण सांगितलं. तो हसला नाही. म्हणाला, समुद्रात पडलेल्या माणसाला गाठायचं असेल तर आम्ही डोकं वर ठेवूनच पोहायला शिकवतो, नाहीतर माणूस दिसणार कसा?

पुढच्या रविवारी परेड सुटल्यावर हे सगळं मी तिला मोठ्या उत्साहाने सांगितलं. तिला बरं वाटेल असं वाटलं होतं मला, किती मूर्ख मी. तिने शेवटपर्यंत ऐकून घेतलं.

"मॅडम, मला पोहता येतं हे तुम्हाला आधीच माहीत होतं ना? मग सही का केलीत?"

बावीस पोरांचं कारण माझ्या जिभेवर तयार होतं. ते खोटंही नव्हतं. पण तिच्याकडे बघून ते काही बाहेर पडेना.

"घाबरले गं," मी म्हटलं. "शिबिर बुडालं असतं तर सगळे पालक मलाच बोलले असते."

ती "ठीक आहे मॅडम" म्हणाली. चिडली असती, चार शब्द सुनावले असते, तर मला सोपं गेलं असतं. त्यानंतरच्या रविवारी ती आली नाही, त्याच्या पुढच्याही नाही. आमच्याकडे हजेरी मी घेते. तिच्या नावासमोर 'गैरहजर' मीच लिहिलं.