नवसाची टेकडी खडीले गेली

अमडापूरहून सकाळची पहिली एसटी धरली. मी अन् माही लहान बहीण शांता. बारा वर्साखाली तिचं पोरगं, म्हंजे माहा भाचा, तापानं मराले टेकलं व्हतं. तवा शांता सातपुड्यातल्या एका टेकडीच्या देवाले नवस बोलली, पोरगं वाचलं तं अनवाणी चढून येईन. वाचलं. "चाल नं भाऊ," दरसाल म्हणे. मी म्हणो, "पुढच्या साली जाऊ." आता भाचा दोन महिने झाले पुन्ना खाटीवर. डॉक्टर धड काई सांगत नाई. शांता म्हणते, नवस राह्यला म्हणून.

घाट उतरलो का खामगाव, मंग शेगाव. बायाले अर्धं तिकीट. शेगावातच खाऊन घ्या, पुढं चहाबी बरा भेटत नाई. पूर्णा ओलांडली का सपाट काळं रान, अन् समोर सातपुडा आडवा पडून हाय. वरवट बकाल, संग्रामपूर, तिथून ऑटो. रस्ता डंपरनं पार फोडला. कंबर दुखत असन तं येऊच नका.

ऑटोवाला थांबला. "उतरा, मावशी."

"टेकडी कुठी हाय बाप्पा?" शांतानं इचारलं.

"हेच तं. फोडून रोडाच्या खडीले गेली. देव रोडाले आणला, ओटा बांधला, टाइल लावली. चढाची कटकटच नाई!"

समोर खड्डा. तळाशी हिरवं पाणी. वरच्या झाडायवर पांढरी भुकटी.

मी म्हटलं, "फोड ओट्यावर नारळ. देव तोच हाय."

"मी चढाचं कबूल केलं व्हतं, भाऊ."

तिनं चपला काढल्या अन् खड्ड्यात उतरू लागली. चौकीदार बोंबलत आला, "ओ बाई, मराचं हाय का? सुरुंग भरला तिथी!"

"खाली जातो अन् वर चढतो," शांता म्हणे, " दुसरं काय उरलं इथी चढाले?"

त्यानं दंड धरून बाहेर काढली. थे भांडली नाई. नारळ तसाच परत आणला.

तुमचं असं कुठी जाणं राह्यलं असन तं उद्याच निघा. पहाड कुठी जाते, असं मलेही वाटे.

घरी आलो तं भाचा जागाच. "मामा, चढली का माय?"

शांता खाली पाहे.

"हाव," मी म्हटलं, "अनवाणी."

"मंग झालं. आता उठतो मी."

अन् उठून पाह्यलं त्यानं. नाई जमलं. पुन्ना पाह्यलं.