एक्सलेटरवरचा तिचा पाय

बायको वारली तेव्हा माणसं भेटायला आली. सगळे एकच बोलले, बाई मोठी सुगरण होती. खोटी गोष्ट आहे. तिच्या भाजीत मीठ जास्त असायचं, आणि तसं म्हटलं की दुसऱ्या दिवशी आणखी टाकायची. ती शिवणकामात तरबेज होती. आणि माझ्या गॅरेजमध्ये तिनं एकदा एक फॉल्ट पकडून दिला, जो मला सापडत नव्हता आणि माझ्या आधी ज्यांनी गाडी पाहिली त्यांनाही सापडला नव्हता. हे कोणी बोललं नाही, कारण कोणाला माहीतच नाही. म्हणून मी लिहायला बसलो. शाळा माझी चौथीपर्यंत झाली आहे. लिहिण्यात चुका असतील, गाडीच्या कामात नाहीत.

तेव्हा गॅरेज चंद्रपुरात, बल्लारपूरच्या रस्त्याला होतं. कार्बोरेटरऐवजी इंजेक्शननं पेट्रोल सोडणाऱ्या गाड्या आमच्याकडं नुकत्या कुठं येऊ लागल्या होत्या. आम्ही सगळी कार्बोरेटरची माणसं. कार्बोरेटर डोळे मिटून खोलायचो आणि डोळे मिटून जोडायचो. नव्या गाडीत कॉम्प्युटर असतो म्हणून बरेच मिस्त्री बोनेट उघडायलाच भ्यायचे. मी भ्यालो नाही. आत तारा आहेत, तारांत करंट आहे, माझ्याजवळ मीटर आहे, मग भ्यायचं काय? मीटर जुना होता, काट्याचा. रेडिओ दुरुस्त करणाऱ्या एका माणसानं धंदा बंद केला तेव्हा त्याच्याकडून घेतला होता.

उन्हाळा भरात होता. दूर जंगलातल्या एटापल्लीकडचा एक माणूस गाडी घेऊन आला. वनखात्यात गार्ड होता, रिटायर झालेला. गोंड माणूस, चार शब्द विचारले तर एक बोलायचा. त्याच्या नातीला सिकलसेल होता. आमच्या भागात हा आजार घरोघरी आहे, सांगायला नको. पोरीचं रक्त कमी झालं की हाडं दुखायची, आणि तिला चंद्रपूरच्या दवाखान्यात आणून रक्त चढवावं लागायचं. एसटीत धक्के खात, गाड्या बदलत आणली की दुखणं दुप्पट व्हायचं. म्हणून त्यानं नागपूरहून ही जुनी कार घेतली होती. फक्त नातीसाठी. स्वतः बाजाराला सायकलनं जायचा.

"गाडी दगा देऊन राह्यली जी, मिस्त्री," तो म्हणाला.

"कुठी?"

"जंगलात. आलापल्लीच्या पुढं-मागं. झटके देते अन् बंद होते. घडीभर थांबलो का चालू."

"अन् इकडं, डांबरी रस्त्यावर?"

"इकडं काईच नाई. वाघावानी पळते."

"पोरगी कुठी आहे?"

"दवाखान्यात भरती केली. परवा सुट्टी देतो म्हणते डॉक्टर." मग म्हणाला, "येतानी जंगलात बंद पडली तवा पोरगी कण्हत होती. मी बोनेट उघडून उभा. मले त्यातलं काय समजते? आता ठीक झाली तर नेतो, नाई तर एसटीनं नेतो अन् गाडी तुमच्याकडंच विकून टाकतो. जंगलात पोरीले घेऊन पुन्हा नाई उभा राहत."

त्यानं हे रडत सांगितलं नाही. ठरवून आलेला होता. मी म्हटलं, ठीक आहे, परवापर्यंत पाहतो.

बोनेट उघडलं तर आत सगळी जत्रा भरून गेली होती. रस्त्यातल्या प्रत्येक मिस्त्रीनं हात मारला होता. प्लग नवे, फिल्टर नवा, पेट्रोलच्या पाइपाला नवी क्लिप. आणि एक्सलेटर दाबला की उघडते त्या हवेच्या झडपेजवळचा तो बारीक स्क्रू, ज्यावर कंपनी रंगाचा ठिपका लावून देते, त्याचा ठिपका फुटलेला. कार्बोरेटरवाल्याची ही सवयच. गाडी बंद पडते का? उभ्या गाडीत इंजिन किती फिरावं ते ठरवणारा आयडलिंगचा स्क्रू अर्धा फेरा पिळा. कार्बोरेटरला ते चालतं. या गाडीत तो स्क्रू आयडलिंगचा नसतोच. तो पिळला की झडप पुरती मिटत नाही, आणि कॉम्प्युटरला वाटतं ड्रायव्हरनं पाय ठेवलेला आहे. एटापल्लीपासून चंद्रपूरपर्यंत जेवढे थांबे, तेवढ्यांनी तो पिळला होता. माझ्याच जातभाईंचं काम, शिव्या तरी कोणाला देऊ? रंगाच्या खुणेवर आणून स्क्रू पहिल्या जागी बसवला.

त्यानं आयडलिंग सुधरलं. पण झटक्याचं कारण ते नव्हतं. मी विचार केला, डांबरी रस्त्यावर पळते, जंगलात मरते, तर जंगलात वेगळं काय? रस्ता खराब, गाडी हळू. म्हणजे थोडासा पाय दाबलेला असतो तेव्हाच काहीतरी होतं. झडपेच्या दांडीला एक छोटा सेन्सर असतो. झडप किती उघडली ते तो कॉम्प्युटरला कळवतो, आणि कॉम्प्युटर त्या हिशेबानं पेट्रोल सोडतो. त्याच्यात घसरपट्टी असते, तिच्यावरून एक टोक घासत सरकतं, रेडिओचा आवाज कमीजास्त करायच्या बटणात असते तशीच. जुना रेडिओ आवाज वाढवताना मध्येच खरखरतो ना, तसं इथंही होत असेल, असं माझ्या डोक्यात आलं.

चावी फिरवली, इंजिन बंदच ठेवलं, सेन्सरच्या मधल्या तारेला मीटर लावला. एका हातानं झडप उघडत गेलो. काटा वर गेला, खाली आला. काही दिसलं नाही. पुन्हा केलं, तेच. बोनेटच्या आत हात घालून झडप फिरवायची म्हणजे हात अडतो, झडप उडी मारते. वाईट जागा आली तरी तिच्यावरून टुणकन पलीकडं जाते.

मग शेजारच्या पंक्चरवाल्या चाचांना हाक मारली. म्हटलं, आत बसा आणि एक्सलेटर हळूहळू दाबा. चाचा आयुष्यभर ट्रक चालवून थकल्यावर पंक्चरच्या धंद्यात आलेले. त्यांनी पाय ठेवला तो थेट फरशीपर्यंत.

"चाचा, हळू! कोळशाचा ट्रक आहे का?"

"हळूच तो दबाया, भाई. इससे हळू तो मेरा पाँव जानता नहीं."

"सोडा. पुन्हा. एकदम हळू."

पुन्हा फरशीपर्यंत. काटा नुसता नाचला. चाचा उतरले आणि वर मलाच म्हणाले, "तेरा मीटर बिगडा है." गार्डभाऊ बाजूला उभा राहून सगळं पाहत होता. माझ्यावरचा त्याचा भरोसा कमी होत चालला होता, ते मला त्याच्याकडं न पाहताही समजत होतं. तो हळूच म्हणाला, "मी एसटीचा टाइम विचारून येतो जी."

तो निघणार तेवढ्यात बायको डबा घेऊन आली, तसा तो थांबला. घर मागंच होतं. घरात तिची पायाची शिलाई मशीन, दिवसभर तिच्यावर ब्लाऊज आणि शाळेचे ड्रेस. तिनं सगळं एकदा पाहून घेतलं आणि म्हणाली, "जेवाले काऊन नाई आले?"

"काम अडलं आहे."

"काय अडलं?"

सांगितलं. आतली पट्टी कुठं खराब आहे ते शोधायचं तर एक्सलेटर इतकं सावकाश दाबायला पाहिजे की काटा मुंगीसारखा चढला पाहिजे, आणि ते कोणाच्या पायाला जमत नाही.

"मी दाबतो," ती म्हणाली. आमच्याकडं बायाही असंच बोलतात.

"तू गाडीत कधी पुढं बसली आहेस का?"

"गाडी चालवाची आहे का पाय दाबाचा आहे? एकच सांगा."

चाचा हसायला लागले. तिनं चपला खाली काढल्या, जणू देवळात चालली, आणि ड्रायव्हरच्या सीटवर बसली. लुगडं आवरलं. पाय ठेवला. मी काट्याकडं पाहत होतो. काटा हललाच नाही. मी म्हणालो, दाब ना. ती म्हणाली, "दाबूनच राह्यली. पाहा नीट."

नीट पाहिलं तर काटा खरंच चढत होता. एकसारखा, ना घाई ना झटका. तिचं सगळं आयुष्य त्या मशीनच्या पायट्यावर गेलेलं. पातळ कापडावर बारीक टाका घालायचा तर पाय असाच चालवावा लागतो, नाही तर सुई धागा तोडते. इतक्या वर्षांत मी ते रोज पाहत होतो आणि कधी पाहिलं नव्हतं.

काटा थोडा वर गेला आणि एकदम खाली पडला. शून्यावर. मग उडून पुन्हा आपल्या जागी.

"थांब!" मी ओरडलो. "मांगं घे. हळू."

तिनं पाय मागं घेतला. त्याच जागी पुन्हा शून्य. पुढं, शून्य. मागं, शून्य. मी चाचांना हात धरून ओढलं, मीटर दाखवला. "बिगडा है क्या मीटर?" त्यांनी दाढी खाजवली.

बायकोनं आतूनच गार्डभाऊला हाक मारली. "भाऊ, इकडं या जी. तुमी जंगलात पाय कुठी ठेवता? दाखवा."

तो वाकला, हातानं एक्सलेटर थोडंसं दाबून दाखवलं. "इथीच. याच्यापेक्षा जास्त दाबलं तर गड्ड्यात आपटते, पोरीले लागते."

काटा शून्यावर.

"मंग पट्टी तिथंच घासली ना," ती म्हणाली. "माह्या मशीनच्या पायट्याचा रंगबी एकाच जागी गेला आहे."

झालं तसंच होतं. पोरीला धक्का लागू नये म्हणून हा माणूस सगळा जंगलरस्ता एकाच पायानं, एकाच चालीनं काढायचा. घसरपट्टी त्या एका जागी खपली. तिथं पाय आला की कॉम्प्युटरला वाटायचं झडप बंद झाली, आणि तो पेट्रोल तोडायचा. डांबरी रस्त्यावर पाय त्या जागेच्या पुढं असायचा, म्हणून तिथं वाघ.

गार्डभाऊला हे सांगितलं तेव्हा त्यानं एक्सलेटरवरचा हात काढून घेतला. मग म्हणाला, "म्हणजे मीच जपून चालवली म्हणून बिघडली?"

"तुमी जपलं नसतं तर पोरगी बिघडली असती," बायको म्हणाली. "सेन्सर नवा भेटते."

नागपूरच्या दुकानदाराला एसटीडीवरून फोन केला. तो म्हणाला, पूर्ण झडपेचा सेटच घ्या, सेन्सर सुटा कोण बदलतो? मी म्हटलं, मी बदलतो, तू पाठव. दुसऱ्या दिवशी दुपारच्या ट्रॅव्हल्सच्या ड्रायव्हरनं पुडी आणून दिली. आमचं सगळं सामान तसंच यायचं, ड्रायव्हरच्या सीटमागं ठेवून.

सेन्सरचे दोन स्क्रू गंजून बसले होते. डोकी घासली तर काम वाढणार. पेचकस बसवून त्याच्या मुठीवर हातोडीनं हलकेच ठोकलं, गंज मोकळा झाला, मग वळले. नवा सेन्सर दांडीच्या खाचेत बसवला, जरासा फिरवून ताणावर आणला, स्क्रू कसले. झडप मिटलेली असताना काटा कुठं पाहिजे तिथं आहे का पाहिलं. होता. बॅटरीची एक तार काढून ठेवली, म्हणजे कॉम्प्युटर जुनं विसरतो. जेवून आल्यावर जोडली. बायकोला पुन्हा बसवलं. काटा खालून वर गेला, वरून खाली आला, कुठंच अडला नाही. मी तिला म्हटलं, उतर आता. ती म्हणाली, "एकदा अजून." एकदा अजून केलं.

मला खात्री होती. गार्डभाऊला नव्हती. मीटर त्याच्या कामाचा नाही, त्याला जंगलातला रस्ता दिसत होता. बायकोनं ओळखलं. "मी मांगं बसतो," ती म्हणाली, "पोरगी बसते तिथी. चला, तुमच्या चालीनं चालवा."

आम्ही जुनोन्याकडच्या जंगलरस्त्यानं गेलो. तो चालवत होता, मी बाजूला, ती मागं. त्यानं तीच चाल धरली. मागून एक टिप्पर हॉर्न वाजवून वाजवून शेवटी शिव्या देत पुढं गेला. बायकोनं खिडकीतून त्याला परत दिल्या. गाडी शिलाई मशीनसारखी चालत राहिली. तो मधूनमधून इंजिनाकडं कान द्यायचा, मग रस्त्याकडं पाहायचा. परत आलो तेव्हा त्यानं एसटीचं काही काढलं नाही. म्हणाला, "सकाळी दवाखान्यातून पोरीले घेतो अन् निघतो."

सकाळी निघताना तो गॅरेजवर थांबला. पोरगी मागच्या सीटवर, अंगावर गोधडी, डोळे मोठे मोठे. बायकोनं तिच्या डोक्याखाली चिंध्या भरलेली उशी दिली आणि माझ्याकडं बोट करून त्याला म्हणाली, "पोचले का फोन करजा. नाई केला तर मी याईले झोपू नाई देणार."

तो दिवस मी दुसऱ्या गाड्यांवर काम करत होतो. खात्री होती तरी नट दोनदा चुकीच्या बोल्टवर लावला. बायको मशीन सोडून तीनदा बाहेर आली. रस्त्याकडं पाहून आत जायची.

संध्याकाळी बाजूच्या एसटीडीवाल्यानं हाक मारली. मी धावलो, ती माझ्या आधी पोहोचली. फोन मी घेतला.

"आलो जी घरी," गार्डभाऊचा आवाज.

"थांबली का कुठी?"

"थांबली. पोरीनं थांबवली. चारोळीचं झाड दिसलं तिले, पिकली फळं तोडून खाल्ली."

"अन् गाडी?"

"गाडी चालूच ठेवली होती, बंद नाई केली."

"काऊन? माह्या कामावर भरोसा नाई?"

"तुमच्या कामावर आहे जी. पर जंगल आहे ना."

मी काही बोलणार तर बायकोनं फोन हातातून ओढून घेतला. म्हणाली, "गाडीचं राहू द्या भाऊ. पोरीचं दुखते का?" ऐकत राहिली. मग मला डोळ्यानं खुणावून सांगितलं की नाही, दुखत नाही. आणि फोन ठेवायच्या आधी पोरीला चारोळी गोड लागली का, तेही विचारून घेतलं.