संदर्भवाल्या कांबळे मॅडम

आमच्या बिबवेवाडीच्या सोसायटीत कांबळे मॅडमसमोर तोंड उघडायचं तर पुरावा खिशात ठेवूनच उघडावं लागे. जिन्यात कुणी सहज म्हणालं, "यंदा थंडी जरा जास्तच आहे," की त्या चष्मा नाकावर सारून विचारत, "संदर्भ?" आवाज चढा नाही, चेहऱ्यावर राग नाही, फक्त वाट पाहणं. समोरचा स्वेटरची बटणं लावत घरात शिरे. एका लग्नात वरपित्यानं सांगितलं की मुलगा अमेरिकेत फार मोठ्या हुद्द्यावर आहे. तिथेही त्यांनी तेच विचारलं. बुंदी वाढणारासुद्धा थबकला. पुढे तो संदर्भ काही मिळाला नाही, आणि मुलगाही परत आला.

मॅडम कॉलेजात पदार्थविज्ञान शिकवून निवृत्त झाल्या होत्या. कांबळे सर जाऊन बरीच वर्षं झाली होती, मूलबाळ नव्हतं. रिकामा वेळ माणसाला भजनी मंडळाकडे नाहीतर भिशीकडे नेतो. मॅडमना त्यानं इंटरनेटवरच्या मराठी ज्ञानकोशाकडे नेलं. कुणीही लिहावं, कुणीही खोडावं आणि दमडी कुणालाच मिळू नये, अशी त्या कोशाची रीत. दुसऱ्याची चूक चारचौघांत आणि फुकटात काढायला मिळते म्हटल्यावर ही कल्पना पुण्यात रुजली नसती तरच नवल.

मी त्यात सापडलो तो लॅपटॉपच्या बॅगेमुळे. तेव्हा आयटीत नवीन लागलेली आम्ही मंडळी ती बॅग रविवारी दूध आणायलाही नेत असू. मॅडमनी मला लिफ्टपाशी गाठलं. "तुम्ही संगणकवाले ना? या, माझा 'ज्ञ' उमटत नाहीये." मी गेलो, 'ज्ञ' उमटवून दिला, चहा घेतला आणि पुढची कित्येक वर्षं रविवार सकाळचा त्यांच्या जेवणाच्या टेबलाशी बांधला गेलो. "तुम्ही"चं "तू" कधी झालं ते कळलंही नाही. कंपनीत मी सॉफ्टवेअरमधल्या चुका शोधायचो आणि त्याबद्दल पगार घ्यायचो. मॅडमना हे ऐकून माझी कीव आली. म्हणाल्या, "इरफान, चूक काढण्याचे पैसे घेतलेस की तिच्यातली मजा जाते रे."

विज्ञानाचा इतिहास हा त्यांचा प्रांत. सूक्ष्मदर्शक कुणी घडवला, पारा काचेच्या नळीत प्रथम कुणी भरला, असल्या विषयांवर त्या स्वच्छ, कोरडे, चार ओळींचे परिच्छेद लिहीत. पण खरा वेळ जाई तो साफसफाईत. आपले पूर्वज विमानातून हिंडत होते, अणू फोडत होते, दातांचे कृत्रिम संचही बनवत होते, असं रोज कुणीतरी लिहून जाई. मॅडम तो मजकूर शांतपणे उडवत आणि चर्चापानावर, म्हणजे वाद घालायच्या पानावर, लिहीत: "विमान होते हे मान्य केले तरी ते उतरत कुठे असे, याचा संदर्भ द्यावा." कोशाचा नियमच तसा. छापील, विश्वासार्ह ठिकाणी जे आलंय तेवढंच लिहायचं. आपण पाहिलं, ऐकलं, अनुभवलं ते सगळं 'स्वतःचं संशोधन', म्हणजे बाद.

माझ्या अब्बांचा मार्केट यार्डात मसाल्याचा गाळा. एकदा मॅडम हळद घ्यायला आल्या. अब्बा म्हणाले, माल सांगलीचा आहे. झालं, संदर्भ. अब्बांनी मूठभर हळकुंडं त्यांच्या ओंजळीत टाकली. म्हणाले, "वास घ्या." मॅडमनी डोळे मिटून वास घेतला आणि मान डोलावली. "प्रत्यक्ष निरीक्षण. घरी चालेल, कोशात नाही चालणार." अब्बांना दुसरं वाक्य कळलं नाही, पण पहिल्यावर ते खूश झाले आणि त्यांनी वर थोडी जायपत्री घातली.

आता अभ्यंकरांकडे यायला हवं. अभ्यंकर आमच्या सोसायटीचे अध्यक्ष. निवडणूक घेतली तर दुसरं कुणी उभं राहत नाही म्हणून आजन्म अध्यक्ष. त्यांचे पणजोबा नारोपंत यांनी म्हणे पुण्यात स्वतः दुर्बीण घडवून शनीची कडी युरोपाआधी पाहिली होती. नारोपंत जन्मले तेव्हा युरोपानं ती कडी पाहून दोन शतकं उलटली होती, पण असल्या फुटकळ अडचणीत अभ्यंकर अडकत नसत. त्यांनी ते वाक्य कोशातल्या दुर्बिणीच्या लेखात घातलं. मॅडमनी काढलं. त्यांनी सोसायटीच्या गणेशोत्सवाच्या स्मरणिकेत ते छापून आणलं आणि स्मरणिकेचा संदर्भ दिला. मॅडमनी पुन्हा काढलं: "स्मरणिकेचे संपादक कोण? आपणच." तिसऱ्या वेळी मॅडमनी वाक्य लगेच न उडवता त्यापुढे '[संदर्भ हवा]' अशी खूण लावली आणि नियमाप्रमाणे थोडी मुदत दिली.

त्या मुदतीत अभ्यंकरांचा पुतण्या कामाला लागला. तो एका वर्तमानपत्राच्या रविवार पुरवणीत होता. पुढच्याच रविवारी पुरवणीत 'पुण्याचा विस्मृत खगोलवेत्ता' असा लेख झळकला. अभ्यंकर अंक घेऊन स्वतः मॅडमकडे आले. मी तिथेच होतो. "घ्या," म्हणाले, "छापील, विश्वासार्ह. आता आपण काय म्हणता?" मॅडमनी अंक वाचायला घेतला. वाचता वाचता त्यांचे खांदे हलायला लागले. पुतण्यानं मजकूर कोशातूनच उचलला होता, आणि इतक्या निष्ठेनं उचलला होता की पणजोबांनी शनीची कडी युरोपाआधी पाहिली, या वाक्यापुढे पुरवणीतही छापलं होतं: [संदर्भ हवा]. मॅडमनी बोट ठेवून ते अभ्यंकरांना दाखवलं आणि म्हणाल्या, "वर्तमानपत्रालाही हवाय. मिळाला की दोघांनाही कळवा."

मी हसून हसून बेजार झालो. पण अभ्यंकर गेल्यावर मॅडमनी टेबल आवरलं आणि खुर्ची माझ्याकडे वळवली. मग त्यांनी पहिल्यांदा मला सुशीलाआत्याबद्दल सांगितलं.

सुशीला वाघमारे ही त्यांच्या वडिलांची धाकटी बहीण. छप्पन्न साली घरानं धम्म स्वीकारला तेव्हा ती शाळेत होती. पुढे विज्ञानाची पदवी घेऊन इथल्याच एका प्रयोगशाळेत लागली. हवेतल्या विजेची मोजणी हा तिथला विषय. गच्चीवरच्या उपकरणाची वाचनं, म्हणजे काट्यावरचे आकडे, पहाटे जाऊन टिपायची, ऊन असो की वादळ, हे आत्याचं काम. ते उपकरण दमट हवेत खोटं बोलतं हे तिनं हेरलं आणि त्यावरची दुरुस्तीही तिनंच शोधली. छोट्या प्रमिलाला, म्हणजे आमच्या मॅडमना, ती गच्चीवर घेऊन जाई. शोधनिबंध निघाले ते प्रयोगशाळेच्या प्रमुख प्राध्यापकांच्या नावावर. प्राध्यापकांवर कोशात ऐसपैस पान आहे. आत्या लग्न न करता, फारसं न बोलता गेली. तिच्यावर पान नाही, कारण तिच्यावर कुणी कधी काही छापलं नाही.

"मी डोळ्यांनी पाहिलंय, इरफान," मॅडम म्हणाल्या. "तिचा हात, ती दुरुस्ती, सगळं. पण मी म्हणजे संदर्भ नव्हे." मला त्या नियमाचा त्या दिवशी मनापासून राग आला. ज्यांच्या घरी स्मरणिका निघतात त्यांचे पणजोबा अमर, आणि जिनं खरं काम केलं तिची ओळही नाही, हा कुठला न्याय? मी तसं बोललोही. त्यांनी चहाचे कप उचलले.

हे अभ्यंकरांच्या कानावर माझ्यामुळेच गेलं असावं. माझ्या पोटात काही राहत नाही. एका रविवारी ते परत आले, या वेळी अगदी मऊ होऊन. म्हणाले, पुतण्या आत्याबाईंवर पानभर लेख छापेल, फोटोसकट. मॅडमना हवा तसा संदर्भ तयार. बदल्यात फक्त नारोपंतांचं एक वाक्य राहू द्यावं, 'युरोपाआधी'सुद्धा गाळू हवं तर. मी मॅडमकडे पाहत राहिलो. हो म्हणा, असं मला ओरडून सांगायचं होतं. त्या बराच वेळ टेबलावरचं कापड सरळ करत बसल्या. कापड सरळच होतं.

"अभ्यंकर," त्या म्हणाल्या, "माझी आत्या खरी आहे. तुमच्या दुर्बिणीशेजारी बसवली तर तीही खोटी वाटेल."

त्यानंतर मॅडमनी शहरातली ग्रंथालयं पालथी घातली. बसनं जायच्या, धूळ खाऊन यायच्या. अखेर प्राध्यापकांच्या एका जुन्या शोधनिबंधाच्या शेवटी आभाराची ओळ सापडली: वाचने आणि उपकरणातील दुरुस्ती कुमारी सुशीला वाघमारे यांची. एवढंच, पण छापील. तरी त्या स्वतः लिहीनात. नातेवाइकांबद्दल आपण लिहू नये, हाही नियमच. "तू लिही. जेवढं कागदावर आहे तेवढंच." मी तीन परिच्छेद लिहिले. त्यांनी ते उतरवत उतरवत एका वाक्यावर आणले. 'प्रतिभावान' शब्दावर पेन आपटून विचारलं, "ही कुणी मोजली?" मग प्राध्यापकांच्या पानावर ते एक वाक्य चढलं. सुशीला वाघमारे हे नाव मी दुव्यात, म्हणजे लिंकमध्ये, घातलं. ज्या नावाचं पान अजून नाही, त्याचा दुवा कोशात लाल दिसतो. मॅडम त्या लाल अक्षरांकडे पाहत राहिल्या आणि पदरानं चष्मा पुसू लागल्या. मग म्हणाल्या, "राहू दे लाल. कुणालातरी दिसेल की इथे एक पान व्हायचंय."

मॅडम गेल्या त्या थोड्याशा आजारानं, हॉस्पिटलातल्या नर्सला थर्मामीटरबद्दल प्रश्न विचारत. सोसायटीच्या हॉलमध्ये शोकसभा झाली. त्रिशरण-पंचशील झालं आणि अध्यक्ष या नात्यानं अभ्यंकर बोलायला उठले. घसा साफ करून म्हणाले, "कांबळे मॅडम म्हणजे संपूर्ण आशिया खंडातल्या पहिल्या महिला ज्ञानकोशकार."

"संदर्भ?"

हे मी बोललो, हे मलाही सगळ्यांनी मागे वळून पाहिल्यावर कळलं. कुणीतरी फसकन हसलं आणि सगळा हॉल डोळे पुसत हसू लागला. अभ्यंकर हसले नाहीत. त्यांनी चष्मा काढला.

"नाही माझ्याकडे," ते म्हणाले. हे वाक्य त्यांच्या तोंडून मी त्याआधी ऐकलं नव्हतं. मग ते सावकाश बोलू लागले. आपण मॅडमपुढे काय सौदा ठेवला होता आणि त्या काय म्हणाल्या, ते त्यांनी सगळ्यांसमोर शब्दही न बदलता सांगितलं. शेवटी माझ्याकडे हात करून म्हणाले, "याला साक्षीदार आहे. हा इरफान तिथे बसला होता."

मी मान हलवली.

आता रविवारी सकाळी मी एकटाच कोश उघडतो. विमानं अजून उतरत असतात, मी त्यांना परत पाठवतो. जुन्या नियतकालिकांची बाडं उपसायला मीही बसनं जातो, आणि माझ्या कपड्यांवरची धूळ पाहून अम्मी कुरकुरते. आवरताना शेवटी प्राध्यापकांचं पान एकदा उघडून खाली जातो. नाव अजून लालच आहे.